चोरी कळली, आता माणसाचं काय ठरवायचं?

प्रश्न : नागपूरच्या इतवारीत आमचं कापडाचं दुकान आहे. नऊ वर्षांचा जुना माणूस गल्ल्यातून चार हजार काढताना कॅमेऱ्यात दिसला. हाच मध्यरात्री माझ्या आईला मेडिकल कॉलेजच्या दवाखान्यात घेऊन गेला, दोन दिवस तिच्याजवळून हलला नाही. त्याला चांगला समजू की वाईट? – एक दुकानदार

उत्तर : भाऊ, दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. एकीमुळे दुसरी पुसली जात नाही. हार्टशोर्न आणि मे या दोन संशोधकांनी १९२८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात अमेरिकेतल्या हजारो शाळकरी मुलांचा प्रामाणिकपणा तपासला. परीक्षेत लबाडी करणारं मूल पैशालाही हात लावेलच, असं आढळलं नाही. प्रसंगाचा जोरही मोठा असतो. १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या, अमेरिकेतल्याच प्रिन्स्टनच्या प्रयोगात वाटेत विव्हळणाऱ्या माणसाला मदत केली ती घाई नसलेल्या ६३ टक्के विद्यार्थ्यांनी, घाईतल्या फक्त १० टक्क्यांनी. आणि हे विद्यार्थी धर्मशास्त्र शिकणारे होते!

म्हणून ‘लबाड’ हा शब्द बाजूला ठेवा. वहीत फक्त घडलं ते लिहा : तारीख, रक्कम, कोणी पाहिलं. आधी रोजमेळ, म्हणजे रोजच्या जमाखर्चाची वही, जुळवा. परत आलेला माल, यूपीआयने आलेले पैसे, कोणाला दिलेली उचल यांतही फरक निघतो. मग त्याला एकट्याला बसवून विचारा. गिऱ्हाइकांसमोर मुळीच नको. चारचौघांत अपमान झाला की माणूस खरं सांगत नाही, स्वतःला वाचवतो.

तीन गोष्टी नीट ऐका. पैसे कशाला लागले? उचल मागायची सोय होती का, की मागितल्यावर तुम्ही नाही म्हणाला होतात? आणि विचारल्यावर त्याने काय केलं : कबुली दिली, परतफेडीचं बोलला, की दुसऱ्या पोरावर ढकललं? आमच्या मते तिसऱ्याचं वजन सगळ्यात जास्त. गरजेपोटी केलेली चोरीही चोरीच, पण दुसऱ्याला अडकवणाऱ्याला दुकानात ठेवू नका.

इथे मन एक घोळ घालतं. एक चोरी दिसली की नऊ वर्षांतली प्रत्येक चूक कटासारखी वाटू लागते. जुन्या तुटी पुराव्याशिवाय त्याच्या नावावर टाकू नका. आणि आईच्या उपकारापोटी चार हजार सोडूनही देऊ नका.

ठेवणार असाल तर गल्ला त्याच्याकडे देऊ नका, माल दाखवायचं काम राहू द्या. रक्कम त्याच्या संमतीने महिन्याला पाचशे अशी आठ हप्त्यांत फेडून घ्या, दर हप्त्याला दोघांची सही. रोज रात्री गल्ला दोघांनी मोजावा, त्यातले एक तुम्ही. उचलीचा नियम सगळ्या नोकरांना सांगा. आठवा हप्ता फिटला की पुन्हा विचार करा, तोही फक्त गल्ल्यापुरता.