सातभाई आला की आले?

खानापूर तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलंय : मुलाने पक्ष्यांवरच्या निबंधात 'परड्यात एक सातभाई आला' असं लिहिलं, बाईंनी लाल शाईने त्याचं 'आले' केलं. बरोबर कुणाचं?

मुलाचं. 'एक' म्हटल्यावर 'आला'च. घोळ होतो तो 'भाई'मुळे. ईकारान्त पुल्लिंगी नाम अनेकवचनात बदलत नाही. एक हत्ती, दहा हत्ती. तसंच एक सातभाई, दहा सातभाई. वचन कळतं ते क्रियापदावरून, नाहीतर अनुस्वारावरून : 'सातभाईची चोच' एकाची, 'सातभाईंचा गलका' सगळ्यांचा. (सातभाई आडनावाचे पाहुणे घरी आले, तर मात्र एकटे असले तरी 'आले'च म्हणा!)

बाईंचा कान अगदीच चुकला असंही नाही. हा पक्षी एकटा दिसतो कुठे? फणसाखालच्या पाचोळ्यात सगळी टोळी टुणटुण उड्या मारत पानं उलटत असते. मातकट अंग, ढिली शेपटी, पिवळी चोच आणि फिकट डोळे, कायम कुणावर तरी चिडल्यासारखे. मांजर किंवा साप दिसला की असा कालवा करतात की आज्जी चुलीपुढूनच म्हणायची, "सातभाई भांडालेत, बघ जरा, जनावर हाय काय." तिच्या तोंडी एकवचन मी कधी ऐकलंच नाही.

सातच असतात असं नाही, कधी सहा, कधी दहा. 'सतरा भानगडी'तला सतरा जसा, तसा हा सात. सगळे भाईही नव्हेत. नर-मादी दिसायला सारखेच. इंग्रजांनी तर त्यांना सात बहिणी केलं. कन्नडने नात्याची भानगडच ठेवली नाही : हरटेमल्ल. हरटे म्हणजे गप्पा, मल्ल तर आपलाच. गप्पांतला पैलवान! मला हे नाव आपल्यापेक्षा सरस वाटतं.

आणखी एक. 'पेर्ते व्हा' ओरडणारा पावशा आपलं निळं अंडं यांच्याच निळ्या अंड्यांत घालून मोकळा होतो. चातकही तेच करतो. मग ते परकं पिल्लू आईबापच नव्हे, सगळी टोळी मिळून भरवते. तेव्हा मुलाला पुढचं वाक्य असं लिहायला सांगा : 'पावशाला सातभाईंनी वाढवलं.' इथे 'सातभाईने' लिहिलं, तर बाईंनी लाल शाई खुशाल वापरावी.