अर्धवेळची वर्षं धरतात का हो मॅडम?

माझ्याकडे समुपदेशनासाठी येणाऱ्या शिक्षकांकडून हा प्रश्न इतक्यांदा ऐकलाय की आता दोन वाक्यांतच कळतं गाडी कुठे चाललीय. वय ५५ च्या पुढे, झोप उडालेली, बीपी वाढलेलं, फॅमिली डॉक्टरने पाठवलेलं आणि जरा बोलते झाले की येतंच, आधी अर्धवेळ होतो मग फुल टाइम झालो, मला पेन्शन बसेल ना?

त्यातल्या एका सरांचं सांगते, ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत. तालुक्याच्या गावी अनुदानित शाळेत १९९४ ला अर्धवेळ लागले, २००२ च्या जुलैत पूर्णवेळ झाले. रिटायरमेंट जवळ आली तसं स्टाफरूममध्ये कुणीतरी म्हणालं, तुमची सर्व्हिस तुटक आहे, केस अडकणार बघा. तेव्हापासून रात्री दोनला उठून बसायचे.

"सर, फुल टाइमची वर्षं किती होतात?"

"आहेत की बरीच."

"बरीच म्हणजे?"

गप्प. आकडा कधी काढलाच नव्हता. ज्या भीतीला तारखा नसतात ती वाढतच जाते असं माझं पक्कं मत आहे, म्हणून पुढच्या वेळी सेवापुस्तकाची झेरॉक्स आणायला लावली आणि आम्ही दोघांनी बसून मोजलं. निवृत्तीपर्यंत नुसती पूर्णवेळ सेवाच २० वर्षांच्या पुढे जात होती. १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत दरमहा पेन्शनसाठी अर्हताकारी, म्हणजे पेन्शनला धरली जाणारी सेवा लागते १० वर्षं. आणि पूर्णवेळ नेमणूक १ नोव्हेंबर २००५ च्या आधीची, म्हणजे जुनी पेन्शन.

मला वाटलं होतं चेहरा खुलेल. तसं झालं नाही. बराच वेळ कागदाकडे बघत बसले आणि म्हणाले, "मग ती आठ वर्षं?"

मी म्हटलं, "पेन्शन तर बसतेय सर. मग ती आठ वर्षं कुणी धरायला हवीत तुम्हाला?"

"हिने," म्हणाले, आणि डोळे भरून आले.

त्या आठ वर्षांत पगार निम्मा, घर चाललं ते बायकोच्या शिवणकामावर, आणि ही गोष्ट त्यांनी तिच्याशी एकदाही बोलून दाखवली नव्हती. मी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिसच्या विचारांवर काम करते, घटनेपेक्षा तिचा आपण लावलेला अर्थ माणसाला जास्त छळतो, आणि ते त्या दिवशी इतकं लख्ख दिसलं की मला आतून फार समाधान वाटलं. सर ऑफिसकडे पेन्शन मागत नव्हते, 'तुझी आठ वर्षं वाया गेली नाहीत' असं सर्टिफिकेट मागत होते आणि ते कुठलंच ऑफिस देत नाही. पुढच्या भेटीला काकूंना घेऊन आले. त्या म्हणाल्या, "अहो, ती वर्षं मी पण जगलेय की, मला कशाला हिशेब देताय?" त्यानंतर मला फारसं काही बोलावंच लागलं नाही.

म्हणून सगळ्यांना सांगते, हे दोन प्रश्न वेगळे करा. मनातला घरच्या माणसाशी बोला, आणि फाइलमधला कागदावर सोडवा. प्रत्येक नेमणुकीचा आदेश, शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता, पूर्णवेळ झाल्याची तारीख, मधे खंड असेल तर तो क्षमापित (माफ) झालाय का, सेवापुस्तकात सेवा पडताळणीच्या नोंदी आहेत का, हे सगळं स्वतः बघा आणि जे नाही ते मुख्याध्यापकांकडे लेखी मागा, तोंडी नको. शेवटच्या वर्षाची वाट बघू नका, केस महालेखापालांकडे गेल्यावर त्रुटी निघाली की परत शाळेपासून सुरुवात.

ज्यांची पूर्णवेळ सेवा १० वर्षं भरत नाही त्यांनीही लगेच हात टेकू नयेत. अर्धवेळ ग्रंथपालांच्या केसेसमध्ये हायकोर्टाने अर्धवेळ सेवेचा निम्मा काळ पेन्शनसाठी धरायला सांगितलेलं आहे, तेव्हा कागद घेऊन संघटनेकडे किंवा सर्व्हिस मॅटर बघणाऱ्या वकिलाकडे जा. आणि अर्धवेळ २००५ च्या आधी पण पूर्णवेळ नंतर, अशांचं प्रकरण खरंच अवघड आहे, तिथे मी खोटा धीर देत नाही. त्यांच्याशी मी आधी खर्चाचं बोलते, महिन्याला किती लागतात, पीएफ किती, मुलांचं शिक्षण संपलंय का, घराचा हप्ता कधी संपतो. आकडे समोर आले की माणूस रडतो कधीकधी, पण त्या रात्री झोपतो.