ॲपवर बहासा इंडोनेशिया शिकलो, पण तिथले यूट्यूब व्हिडिओ सबटायटल लावूनही डोक्यावरून जातात. काय चुकतंय? आणि तिथे हे व्हिडिओ एवढे फोफावले कसे?

दुसरा प्रश्न आधी घेतो, कारण पहिल्याचं उत्तर त्यातच आहे.

इंडोनेशियातला टीव्ही जकार्ताचा. मोठी चॅनेलं तिथली, 'सिनेत्रोन' म्हणजे दैनंदिन मालिकांमधली बोलीही बहुतेक तिथलीच. देश मात्र १७ हजारांहून जास्त बेटांचा आणि शेकडो भाषांचा. प्रीपेड डेटा (तिकडे 'क्वोटा' म्हणतात) आणि स्वस्त स्मार्टफोन आले, तेव्हा ज्यांची बोली टीव्हीवर नव्हती त्यांनी कॅमेरा हातात घेतला. २०११ मध्ये सुलावेसीतल्या गोरोन्तालोचा पोलीस नॉर्मन कामारू वर्दीत बसून आपल्या 'छैया छैया'वर ओठ हलवताना दिसला आणि देशभर गाजला. मलांगच्या बायू स्काकने थेट जावानीजमध्ये, म्हणजे जावा बेटावरच्या भाषेत, विनोदी व्हिडिओ केले. यूट्यूबर अत्ता हालिलिन्तारचे २०१९ मध्ये १ कोटी सबस्क्रायबर झाले, पण माझ्या मते खरी गंमत बायूसारख्यांकडे आहे.

आता तुमची अडचण. ॲप शिकवतं ती पुस्तकी भाषा. 'नाही'ला ॲपमध्ये 'तिदाक', व्हिडिओत 'ङ्गाक'. 'सुदाह'चं 'उदाह' होतं, 'मनोन्तोन' (पाहणे) नुसतं 'नोन्तोन' उरतं. 'मंबलिकान' (एखाद्यासाठी विकत घेणे) इतकं झिजतं की 'बलिइन' ऐकू येतं: पुढचा उपसर्ग गेला, मागच्या 'कान'च्या जागी 'इन' आला. ही एवढी एक खूण पाठ केलीत तरी बरीच क्रियापदं ओळखू येतील. त्यात जोडशब्दांची हौस: 'नोन्तोन बारंग' (एकत्र पाहणे) म्हणजे 'नोबार', 'मालास गराक' (हलायचा कंटाळा) म्हणजे 'मागर'. प्रमाण मराठी शिकून कोल्हापूरच्या वडापमध्ये बसल्यासारखं आहे हे.

ऑटो सबटायटल आणखी घोळ घालतात. ती सगळं बोलणं इंडोनेशियन धरून चालतात. मध्येच जावानीज वाक्य आलं की कानाला जवळचा वाटणारा इंडोनेशियन शब्द चिकटवतात, आणि तुम्ही तो अर्थ लावत बसता. म्हणून माणसाने लिहिलेली सबटायटल असलेलेच व्हिडिओ निवडा. सेटिंगमध्ये भाषेच्या नावापुढे 'ऑटो-जनरेटेड' दिसलं तर सुरुवातीला तो व्हिडिओ सोडा.

पहिला व्हिडिओ म्हणून 'तिलिक' घ्या. वाह्यू आगुंग प्रासत्योची २०१८ मधली अर्ध्या तासाची शॉर्ट फिल्म. २०२० च्या ऑगस्टमध्ये यूट्यूबवर आली आणि तुफान चालली. 'तिलिक' म्हणजे जावानीजमध्ये आजारी माणसाला भेटायला जाणं. गावातल्या बायका उघड्या ट्रकमध्ये उभ्या राहून सरपंचबाईंना बघायला शहरातल्या हॉस्पिटलात निघतात आणि वाटभर बू तेजो नावाची बाई फेसबुकवरचे फोटो दाखवत एका तरुणीबद्दल कुचाळक्या करते. बोलणं जावानीज, सबटायटल इंडोनेशियन. म्हणजे कान मोकळे ठेवून नुसतं वाचायचं. आधी सलग बघा, मग पाच-पाच मिनिटांचे तुकडे ०.७५ वेगाने, प्रत्येकातले फक्त दहा शब्द उतरवून.

त्यानंतर दोघांच्या गप्पांचे पॉडकास्ट, उदाहरणार्थ देदी कोर्बुझिएरचा. बहुतेक वेळ एका वेळी एकच माणूस बोलतो, पार्श्वसंगीत नसतं. 'मोबाइल लेजंड्स' या मोबाइल गेमच्या लाइव्ह स्ट्रीम सगळ्यात शेवटी: आरडाओरडा, खेळातली इंग्रजी आणि चॅटमध्ये 'वकवकवक'चा पूर. तो मजकूर नाही, हसू आहे.

एक सावधगिरी. व्हिडिओ बघून 'गुए' (मी) आणि 'लो' (तू) पटकन तोंडात बसतात. ही जकार्ताच्या दोस्तांमधली सर्वनामं. दुकानदाराशी, वयस्कर माणसाशी ती वापरलीत तर उर्मट दिसाल. तिथे स्वतःला 'साया' म्हणा आणि समोरच्या पुरुषाला 'पाक', बाईला 'बू'. बू तेजोमधला 'बू' तोच.