स्लिकनसाइड हा शब्द खडकाचा की मातीचा?

प्रश्न असा आहे: "स्लिकनसाइड म्हणजे नेमकं काय? भूगर्भशास्त्राच्या पुस्तकात तो शब्द खडकातल्या प्रस्तरभंगाशी जोडलाय आणि मृदाशास्त्राच्या नोट्समध्ये काळ्या जमिनीशी. यातलं बरोबर कोणतं? आणि मराठीत काय लिहायचं?"

दोन्ही बरोबर. मातीतला अर्थ कुणी नाकारत असेल तर त्याने भारी काळ्या रानात खड्डा खणून, आत उतरून कधी पाहिलेलं नाही, एवढं मी ठामपणे सांगते. माझं शिक्षण मृदाशास्त्रातलं, काम माती परीक्षणाचं, माहेर मंगळवेढ्याकडचं. या एका शब्दावरून आमच्या घरात मोठा वाद झालेला आहे आणि त्याची खूण काकांच्या भिंतीवर आजही आहे. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

खडकाचं आधी उरकते. खडकाचे दोन भाग एका फटीवरून एकमेकांना घासत सरकले (यालाच प्रस्तरभंग म्हणतात) की घासलेली बाजू गुळगुळीत होते, चकाकते आणि तिच्यावर सरकण्याच्या दिशेने समांतर रेघा उमटतात. तो पृष्ठभाग म्हणजे स्लिकनसाइड. त्यावरच्या रेघांना वेगळं नाव आहे, स्लिकनलाइन. शब्द 18व्या शतकातल्या डर्बीशायरच्या शिशाच्या खाणींमधून आला. म्हणजे तो खाणकामगारांच्या बोलीतला, प्राध्यापकांनी घडवलेला नाही. तिथे अशा चकचकीत पृष्ठावर टिकाव लागला की कधीकधी दगड स्फोट झाल्यासारखे तडकून उडायचे, कारण आत ताण कोंडलेला असायचा. कोळशाच्या खाणीत छतामध्ये स्लिकनसाइड दिसलं की आजही सावध होतात, कारण त्या पृष्ठावरून दगड सुटून खाली येतो.

आता माती. आपल्याकडची भारी काळी जमीन बेसाल्टपासून झालेली. तिच्यातली चिकणमाती स्मेक्टाइट गटातली, म्हणजे कणांच्या पापुद्र्यांमध्ये पाणी शिरलं की फुगणारी आणि पाणी गेलं की आकसणारी. उन्हाळ्यात तिला केवढ्या भेगा पडतात हे सोलापूरच्या माणसाला सांगायला नको. पावसात त्या मिटतात हेही सगळ्यांनी पाहिलेलं असतं. जमिनीच्या पोटात काय होतं ते मात्र दिसत नाही. फुगणाऱ्या मातीला जागा हवी असते. चारी बाजूंना तिच्यासारखीच फुगणारी माती, खाली मुरूम किंवा दगड. उरते वरची दिशा. मग माती तिरक्या पातळीवर फाटते आणि एक ढेप दुसरीवरून घासत वर सरकते. वर्षानुवर्षं हेच चालतं. त्या पातळीवरचे चिकणमातीचे कण एका दिशेने आडवे होतात, पृष्ठ घोटलं जातं, रेघा पडतात.

हे सगळीकडे होत नाही. अगदी वरच्या थरावर ओझं कमी, तिथे माती सरळ उचलली जाते. फार खोल गेलं तर ओल वर्षभर फारशी बदलत नाही, त्यामुळे फुगणं-आकसणंही नाही. म्हणून स्लिकनसाइड सापडतात ते मधल्या पट्ट्यात, बहुतेक वेळा दीड ते चार फुटांच्या दरम्यान.

आता काकांचं घर.

काकांनी सोलापुरात विजापूर रोडच्या बाजूला, शहर संपतं तिथे प्लॉट घेतला. त्याआधी ते शाळूचं रान होतं. पायाचे चर आखून झाले होते, चुना टाकला होता. मी म्हटलं, आधी एका कोपऱ्यात खड्डा घ्या, मला बघू द्या. काकांनी माझं मन राखायला गवंड्याची माणसं लावली. एप्रिल महिना होता. वरची ढेकळं दगडासारखी, पहार लागली. भेगांमध्ये कोपरापर्यंत हात जात होता. कमरेइतकं खाली गेल्यावर मातीला ओल आली आणि मी आत उतरले.

खड्ड्याच्या भिंतीत सुरीचं टोक घालून हलकं उचकटलं. ढेप कापावी लागली नाही, आपणहून सुटली. सुटली तीही आडवी किंवा उभी नाही, तिरकी, एका बाजूला निमुळती होत गेलेली. तिची मोकळी झालेली बाजू मी उन्हात धरली. काळीभोर, तेल लावल्यासारखी चकाकणारी, आणि तिच्यावर नुकत्याच सारवलेल्या जमिनीवरून बोटं ओढावीत तशा बारीक समांतर रेघा. शेजारची ढेप काढली, तिच्यावर त्याच रेघा उलट्या उमटलेल्या. पुस्तकातला कुठलाही फोटो इतका स्वच्छ नव्हता. वरून काका विचारत होते, "काय बघायलीस गं इतकं?"

मी सांगितलं, ही जमीन आतून सरकते आहे, चार फुटांचा दगडी पाया इथे धरणार नाही. मुरूम कुठे लागतो ते बघा. सहा फुटांपर्यंत तरी लागला नव्हता.

काकांचे इंजिनिअर तिथेच उभे होते. त्यांनी माझ्या हातातून ढेप घेतली, अंगठ्याने चोळली, रेघा पुसून गेल्या. म्हणाले, "ताई, स्लिकनसाइड हा खडकाचा शब्द आहे. माती ओली असली की चमकतेच." आणि ढेप टाकून दिली. काका त्यांच्या बाजूने गेले. "त्यांनी इतकी घरं बांधलीत, तू माती तपासतेस," एवढंच बोलले. मला अजून राग आहे तो पाया चुकला याचा नाही. हातातला पुरावा न बघता चोळून टाकला याचा आहे.

त्या दिवशी मी जे सांगायला लागले आणि कुणी ऐकून घेतलं नाही, ते इथे लिहिते. अमेरिकेच्या मृदा वर्गीकरणात फुगणाऱ्या-आकसणाऱ्या भारी जमिनींच्या गटाला व्हर्टिसॉल म्हणतात, आणि जमीन त्यात बसायला तीन गोष्टी लागतात. पहिली, वरच्या 50 सेंटिमीटरमध्ये चिकणमाती किमान 30 टक्के. दुसरी, ठरावीक काळाने उघडणाऱ्या आणि मिटणाऱ्या भेगा. तिसरी, पहिल्या एक मीटरच्या आत सुरू होणारा किमान 25 सेंटिमीटर जाडीचा असा थर, ज्यात स्लिकनसाइड आहेत, किंवा क्षितिजसमांतर पातळीशी 10 ते 60 अंशांनी कललेल्या पाचरीसारख्या ढेपा आहेत. थराच्या नावातसुद्धा या पृष्ठांची खूण म्हणून 'एसएस' ही अक्षरं जोडतात. म्हणजे मृदाशास्त्राने हा शब्द उसना घेऊन कोपऱ्यात ठेवलेला नाही, जमिनीची अख्खी जात ठरवताना तो वापरलेला आहे.

इंजिनिअरांच्या स्वतःच्या शास्त्रातही तो आहेच. मृदायांत्रिकीमध्ये, म्हणजे बांधकामासाठी मातीची ताकद अभ्यासणाऱ्या शास्त्रात, चिकणमातीत अशा घोटीव फटी असल्या तर तिला स्लिकनसाइडेड क्ले म्हणतात. एकदा माती एखाद्या पातळीवरून सरकली आणि कण आडवे झाले की त्या पातळीची ताकद खूप उतरते आणि परत पहिल्यासारखी होत नाही. या उरलेल्या ताकदीवर स्केम्प्टन या ब्रिटिश मृदायांत्रिकी तज्ज्ञांनी 1964 साली रँकिन व्याख्यान (या शास्त्रातलं मानाचं वार्षिक व्याख्यान) दिलं, आणि चिकणमातीचे उतार बांधकामानंतर कित्येक वर्षांनी का घसरतात ते त्यातून उलगडलं. म्हणजे तिन्ही शास्त्रांत शब्द एकच आणि गाभाही एकच: घासत सरकणं, त्यातून घोटलं जाणं, रेघा उमटणं. फरक आहे तो सरकवणाऱ्या बळाचा. खडकात भूकवचाचा ताण, मातीत पाण्याने येणारं फुगणं, उतारावर मातीचं स्वतःचं ओझं.

यावरून एक भीतीही काढून टाकते. शेतात स्लिकनसाइड सापडले म्हणजे खाली प्रस्तरभंग आहे किंवा भूकंप झाला होता, असा अर्थ होत नाही. आमच्या आत्याने काकांच्या भिंतीचा तडा पाहून किल्लारीचं नाव घेतलं होतं. किल्लारीचा भूकंप 30 सप्टेंबर 1993 चा. तेव्हा या घराचा पायाही नव्हता.

तडा गेला तो दुसऱ्या पावसाळ्यात. आपल्या सोलापूरकडे वर्षाचा पाऊस मुळात पाचशे-साडेपाचशे मिलिमीटर, त्यातला जोराचा बराचसा सप्टेंबरात. उन्हाळाभर तापून भेगाळलेली जमीन थोड्या आठवड्यांत फुगते. खिडकीच्या खालच्या कोपऱ्यातून जोत्यापर्यंत, विटांच्या सांध्यांतून पायऱ्या-पायऱ्यांनी तडा उतरला. मागच्या खोलीचं दार सप्टेंबरात चौकटीत बसत नाही आणि मे महिन्यात कडी न लावता बंद राहत नाही. काका म्हणतात क्युरिंग कमी पडलं, गवंड्याने पाणी मारलं नाही. काका, क्युरिंगचा तडा दर मे महिन्यात रुंद आणि दर ऑक्टोबरात अरुंद होत नाही. तुम्ही दोनदा सिमेंट भरलंत, दोन्ही वेळा त्याच रेषेवर उघडलं. हे तुम्ही वाचणार आहात हे मला माहीत आहे, चुलतभाऊ दाखवेल.

मागच्या बाजूला खोल्या वाढवायचं चाललंय असं ऐकते. तर पाया असा घ्या. मुरूम हाताशी असेल तर सरळ मुरमापर्यंत जा, त्यापेक्षा साधा आणि खात्रीचा उपाय नाही. तो खोल असेल तर रुरकीच्या केंद्रीय भवन संशोधन संस्थेने काळ्या मातीसाठी विकसित केलेले अंडर-रीम्ड पाइल आहेत. खाली फुगीर गोळा असलेले हे खांब ओल बदलते त्या पट्ट्याच्या खाली, खोल काळ्या जमिनीत निदान साडेतीन मीटरपर्यंत नेतात. त्यांच्यावरची तुळई जमिनीला टेकवायची नाही, खाली मोकळी फट ठेवायची, म्हणजे माती फुगली तरी तुळईला खालून ढकलत नाही. दुसरा मार्ग मुंबई आयआयटीच्या प्रा. कट्टी यांनी पुढे आणला, न फुगणाऱ्या पण चिकटपणा असलेल्या मातीचा दाबून घातलेला थर. आणि कोणताही पाया घ्या, घराभोवती फरसबंदी करा, पन्हाळीचं पाणी लांब सोडा, भिंतीला लागून झाड लावू नका. मुळं ओल ओढतात आणि एकाच कोपऱ्याखालची माती आकसते.

मराठीत काय लिहायचं, हे तुम्ही विचारलं होतं. मी अहवालात 'स्लिकनसाइड' असंच लिहिते आणि पहिल्या उल्लेखाला 'घासून गुळगुळीत झालेला, समांतर रेघा असलेला पृष्ठभाग' असं वर्णन जोडते. नुसतं 'चकाकी' लिहू नका. मातीचे पृष्ठ आणखी दोन कारणांनी चमकतात. ढेपा एकमेकींवर फक्त दाबल्या गेल्या, सरकल्या नाहीत, तरी चमक येते. त्याला प्रेशर फेस म्हणतात आणि त्यावर रेघा नसतात. वरून पाण्याबरोबर झिरपत आलेली बारीक चिकणमाती ढेपेवर पापुद्र्यासारखी बसते, तीही चमकते. रेघा दिसल्या तरच स्लिकनसाइड. साधं भिंग पुरतं. ऊन तिरकं पडू द्या आणि ढेप चोळू नका.

सगळी काळी जमीन अशी नसते, हे राहिलं. सोलापूर जिल्ह्यात उथळ आणि मध्यम जमिनी भरपूर आहेत, फूट-दोन फूट काळी आणि खाली लगेच मुरूम. तिथे स्लिकनसाइड बहुधा मिळणारच नाहीत आणि पायाचीही एवढी धास्ती नको. मी लिहितेय ते खोल, भारी रानांबद्दल. त्याच रानांत ओल टिकते म्हणून मंगळवेढ्याचा शाळू थंडीत पावसाशिवाय उभा राहतो, मोहोळची मालदांडी 35-1 ही शाळूची जात याच भागातली. शेवटची कोळपणी आठव्या आठवड्यात दातेरी कोळप्याने करायला सांगतात तीही भेगा बुजवून ओल राखायला. म्हणजे जमीन वाईट नाही, तिच्यावर उथळ पाया घालणं वाईट. घर बांधणार असाल तर माझ्या उत्तरावर न जाता पायाचा अभ्यास असलेल्या माणसाकडून माती तपासून घ्या. आणि खड्ड्यात छातीपेक्षा खोल एकट्याने उतरू नका. ज्या पृष्ठांबद्दल इतकं लिहिलं, त्यांच्यावरूनच खड्ड्याची भिंत अंगावर सुटते.

परीक्षेसाठी विचारलं असेल तर एक राहिलं. बऱ्याच नोट्समध्ये असतं की वरची माती भेगांमध्ये पडते, पावसात फुगते आणि त्यामुळे काळी जमीन स्वतःला पूर्ण नांगरून घेते, स्लिकनसाइड त्याचाच परिणाम. भेगांमध्ये माती पडते हे खरं. पण सगळी जमीन खालीवर होत असती तर खोलीनुसार काहीच फरक उरला नसता. प्रत्यक्षात खाली जावं तसा सेंद्रिय कर्ब कमी होत जातो आणि त्याचं वय वाढत जातं. स्लिकनसाइड होतात ते फुगण्याच्या दाबाने माती तिरकी सरकल्यामुळे. उत्तरात तेच लिहा, आणि कललेल्या पातळ्यांची लहानशी आकृती काढा.