कला दिग्दर्शनातून चित्रपट दिग्दर्शनाकडे जाता येतं का?

तुम्ही कला विभागात सहायक आहात, पुढे दिग्दर्शक व्हायचंय, आणि त्यासाठी हे काम सोडून दिग्दर्शनाच्या टीममध्ये अगदी खालपासून सुरुवात करावी का, असं विचारलंय. मीही सेट उभारण्याच्याच कामात आहे. माझं मत स्पष्ट आहे: सोडू नका. या वाटेने गेलेला आपला सर्वांत मोठा माणूस कोल्हापुरात घडला आणि आपल्याच विभागातल्या मुलांना त्याचं नाव माहीत नसतं, याचं मला फार वाईट वाटतं.

एस. फत्तेलाल, प्रभात फिल्म कंपनीचे साहेबमामा. ते आणि विष्णुपंत दामले बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झाले. पेंटर स्वतः पडदे रंगवत, पोस्टर काढत, कॅमेरा घडवत आणि दिग्दर्शनही करत. पात्रांचे पोशाख, हालचाली ते आधी रेखाटून ठेवत. अशा माणसाच्या हाताखाली ‘हे माझं खातं, ते तुमचं’ ही सवय लागतच नाही. १९२८ साली दोघांनी मिळून ‘महारथी कर्ण’ दिग्दर्शित केला आणि पुढच्याच वर्षी, १ जून १९२९ रोजी, शांतारामबापू, धायबर आणि सीताराम कुलकर्णी यांच्यासह प्रभात काढली. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला आली. फत्तेलालांकडे कला विभाग, दामल्यांकडे ध्वनी. दिग्दर्शक म्हणून नाव लागलं तरी फत्तेलालांनी सेटचं काम सोडलं नाही, हे लक्षात घ्या. ‘कुंकू’चं कला दिग्दर्शन त्यांनी ‘संत तुकाराम’नंतर केलं.

‘संत तुकाराम’ १९३६ चा, दामले-फत्तेलाल जोडीचा. १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात त्याची दखल घेतली गेली. मला मात्र पुरस्कारापेक्षा त्यातलं आवलीचं, म्हणजे तुकारामांच्या बायकोचं, घर महत्त्वाचं वाटतं. पोरं, म्हैस, चूल, दारात आलेला नवरा, यातलं काहीच तिथे शोभेला ठेवलेलं नाही. प्रत्येक वस्तूशी आवलीचं काम आहे आणि त्या कामातूनच गौरीबाईंचा अभिनय उभा राहतो. पोर आजारी पडल्यावर ती पायताण घेऊन विठोबाला जाब विचारायला देवळात जाते. तो राग आपण मान्य करतो, कारण तिचा संसार आपण जवळून पाहिलेला असतो. शेवटी वैकुंठाचं विमान येतं तेव्हाही मन आवलीपाशीच राहतं. सेट करणाऱ्याला माणूस कुठे बसेल, कुठून उठेल, काय हातात घेईल हे ठाऊक असेल, तर अर्धं दिग्दर्शन तिथेच झालेलं असतं.

‘संत तुकाराम’ आला त्याच वर्षी, १९३६ मध्ये, इंग्लंडमध्ये विल्यम कॅमेरॉन मेन्झीस यांनी दिग्दर्शित केलेला ‘थिंग्ज टू कम’ आला. मेन्झीस म्हणजे कला दिग्दर्शनाच्या पहिल्याच ऑस्करचे मानकरी. पुढे ‘गॉन विथ द विंड’साठी त्यांनी दृश्यामागून दृश्य चितारलं. नजर असामान्य होती. पण ‘थिंग्ज टू कम’मधलं भविष्यातलं शहर डोळ्यांसमोर राहतं, त्यात राहणारी माणसं राहत नाहीत. आपल्या क्षेत्रातून दिग्दर्शनात जाणाऱ्याला हाच धोका सर्वांत मोठा. चौकट सुंदर झाली की काम झालं, असं वाटायला लागतं.

म्हणून माझा सल्ला असा. सेट ताब्यात दिल्यावर आपले लोक चहाला जातात; तुम्ही तालमीला थांबा. नटाने तुमची खुर्ची का सरकवली, दाराशी का अडखळला, ते बघा आणि टिपून ठेवा. लेखकांशी बोला, संहितेचं ब्रेकडाउन, म्हणजे प्रत्येक दृश्याला काय काय लागेल याची फोड, करताना नुसती सामानाची यादी करू नका. आणि जोडीदार शोधा. फत्तेलालांना दामले होते, शिवराम वाशीकरांसारखे लेखक होते, केशवराव भोळ्यांसारखे संगीतकार होते. एकट्याने सगळं करायची घाई त्यांनी केली नाही.

रीतसर शिकायचंच असेल तर पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये (एफटीआयआय) कला दिग्दर्शन आणि प्रोडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम आहे. ती जागा म्हणजे प्रभातचाच जुना स्टुडिओ. प्रवेश मिळो न मिळो, एक गोष्ट या आठवड्यातच करता येईल: ‘संत तुकाराम’ आवाज बंद करून बघा आणि आवलीच्या घराचा नकाशा कागदावर काढा. मग त्यावर ती कुठून कुठे जाते, त्या रेषा मारा.