ग्रिओ, कव्वाल आणि आपला कौल

एका वाचकाने विचारलंय: आफ्रिकी कादंबऱ्यांवरच्या मराठी लेखांत ‘ग्रिओट’ हा शब्द सारखा भेटतो. त्याचा उच्चार काय, आणि त्याला मराठीत ‘शाहीर’ म्हणावं की ‘भाट’?

उच्चार आधी उरकू. शब्द फ्रेंचमधून आलाय, शेवटचा ट मुका. म्हणून ग्रिओ. बाई असेल तर ग्रिऑत. (ग्रिऑत नावाची एक आंबट चेरीही असते, तिचा इथे काही संबंध नाही.) अर्थ तुम्हाला ठाऊकच असणार: पश्चिम आफ्रिकेतला पिढीजात गाणारा-सांगणारा, ज्याच्या जिभेवर राजघराण्यांच्या वंशावळी असतात.

आता ज्याने डोकं उठतं ते. आमच्याकडचे परीक्षणकर्ते चिनुआ अचेबेंना ‘नायजेरियाचा ग्रिओ’ म्हणतात, न्गुगींना ‘केनियाचा ग्रिओ’ म्हणतात, आणि उद्या केपटाऊनच्या एखाद्या कवीलाही म्हणतील. अहो, ग्रिओ सेनेगल, गाम्बिया, माली, गिनी या पट्ट्यातले आणि लगतच्या मुलखातले. अचेबे इग्बो. इग्बोंमध्ये बोलण्याचा मक्ता असलेली जातच नाही. अचेबेंच्या 1958च्या कादंबरीत जो तो म्हणी पेरत बोलतो तो त्यामुळेच, तिथे म्हण ही कोणाही जाणत्या माणसाची मिळकत आहे. न्गुगी गिकुयु. त्यांनी तुरुंगात टॉयलेट पेपरवर लिहिलेल्या आणि 1980 साली गिकुयु भाषेतच छापलेल्या कादंबरीचा निवेदक गिशांडी वाजवणारा आहे. गिशांडी म्हणजे कोड्यांच्या सवाल-जबाबात वाजवायचा भोपळा. झुलू आणि खोसा लोकांचा स्तुतिगायक इंबोंगी. तो वारशाने होत नाही, अंगच्या गुणाने होतो, आणि प्रमुखाला चारचौघांत फटकारायचाही त्याला हक्क असतो. योरुबा शिकाऱ्यांची गाणी इजाला. इतकी नावं हाताशी असताना सगळ्यांना एकच टोपी कशाला? सेनेगलच्या बिरागो दियोप यांनी 1947 साली आपल्या कथा घरच्या ग्रिओच्या नावावर छापल्या, त्यांना तो शब्द शोभतो.

हा शब्द सरसकट झाला त्यात अमेरिकी लेखक अॅलेक्स हेली यांच्या 1976च्या ‘रूट्स’चा वाटा मोठा आहे. गंमत अशी, की गाम्बियातल्या ज्युफुरे गावी ज्याने हेलींना त्यांच्या पूर्वजाची हकिकत सांगितली, तो ग्रिओंच्या घराण्यातला नव्हताच, हे पुढे इतिहासकारांनी दाखवून दिलं. तरी शब्द मात्र जगभर गेला.

पण खरी मेजवानी व्युत्पत्तीत आहे. ‘ग्रिओ’ हा मुळात आफ्रिकी शब्द म्हणून कुणाला ओळखू येत नाही. 1637च्या एका फ्रेंच प्रवासवर्णनात तो ‘गिरिओ’ असा सापडतो. माली-गिनीकडच्या मँडे भाषांत या माणसाला जेली किंवा जाली म्हणतात, सेनेगलच्या वोलोफमध्ये गेवेल, त्याच पट्ट्यातल्या फुला भाषेत गवलो. फ्रेंच कोशकार सांगतात, की ‘ग्रिओ’ पोर्तुगीज ‘क्रियादो’पासून, म्हणजे ‘नोकर’ या शब्दापासून आला असावा. आंरी लाबुरे या फ्रेंच अभ्यासकाने ही कल्पना उचलून धरली आणि नंतरच्यांनी कोशातून कोशात उतरवून घेतली. मला ती कधीच पटलेली नाही. पोर्तुगीज या किनाऱ्यावर पंधराव्या शतकापासून आहेत, आणि ते या लोकांना काय म्हणतात? ‘ज्युदेउ’, यहुदी! समाजात वेगळे ठेवलेले, वेगळे पुरले जाणारे लोक दिसले, की युरोपीय माणसाला दुसरी उपमाच सुचेना. सोळाव्या शतकाच्या आरंभी लिस्बनचा मुद्रक वालेंतिम फर्नांदेश तर लिहून ठेवतो, की या मुलखात यहुदी आहेत आणि त्यांना ‘गौल’ म्हणतात. गौल! पोर्तुगिजांकडे ‘क्रियादो’ हा घरचा शब्द असताना ते स्थानिक शब्द टिपून घेतात. मग कोशांतला नोकर आला कुठून?

या ‘गौल’ला धरून मागे चला. फुला भाषेत गवलोमधला शेवटचा ‘ओ’ हा माणसाच्या एकवचनाचा प्रत्यय. तो काढला की उरतं गवल्. सहाराच्या पश्चिम टोकाची हस्सानी अरबी जुन्या ‘क़ाफ’ या अक्षराचा उच्चार ‘ग’ करते. म्हणजे तिथल्या कानाला ‘कव्वाल’ हा ‘गव्वाल’ ऐकू येणार. गव्वाल, गवलो, गेवेल, गौल. व्हँसाँ माँतेय या अरबीच्या जाणकाराने हे 1968 सालीच सुचवलं होतं. कव्वाल म्हणजे धंद्याने बोलणारा. अरबीत हा साचाच आहे, आणि मराठी माणसाने तो रोज वापरलाय: हमाल, दलाल, सराफ. ओझं वाहणारा, मध्यस्थी करणारा, नाणी पारखणारा, तसा बोलणारा तो कव्वाल. आणि ज्या धातूचा कव्वाल, त्याच धातूचा आपला कौल. (छपरावरचं कौल वेगळं, ते मध्ये आणू नका.) देवाला लावलेला कौल, पडीक जमीन लागवडीला आणणाऱ्या कुणब्याला दिलेला कौलनामा, निवडणुकीत जनतेने दिलेला कौल: सगळीकडे अर्थ एकच, दिलेला शब्द. म्हणजे कोकणातला गुरव देवाला पाकळ्या लावून जे मागतो आणि सेनेगलचा गेवेल लग्नघरात ज्यावर पोट भरतो, ती माझ्या मते एकाच धातूची लेकरं आहेत. हे पटल्यापासून मला ‘क्रियादो’वाल्यांची कीवच येते.

आक्षेप आहेत. मॉरिटानियातल्या अरबीत या गायकाला ‘इग्गिव’ म्हणतात, तो शब्द बर्बर, म्हणजे अरबीच्या आधीच्या तिथल्या भाषांच्या, वळणाचा आहे, तेव्हा गेवेलही तिकडूनच आला असेल, असं काही म्हणतात. म्हणोत बापडे. ‘इग्गिव’मध्ये ‘ल’ कुठेय? दुसरा आक्षेप जास्त टोकदार: फुला भाषेत गवलोचं अनेकवचन ‘अवलुबे’ होतं, ‘ग’ गळतो, म्हणजे शब्द तिथल्या व्याकरणात पुरता मुरलेला, मग तो उसना कसा? का नाही? मराठीने ‘हमाल’ची ‘हमाली’ केलीच ना? आणि थॉमस हेल या ग्रिओंच्या मोठ्या अभ्यासकाने ‘ग्रिओ’ला ‘घाना’ या नावापासून सहारा आणि स्पेनमार्गे इतका लांब फिरवून आणलाय, की वाटेत शब्दाचे पाय दुखले असतील. ‘गवलो’पासून ‘गिरिओ’पर्यंतचा शेवटचा टप्पा नीट बसत नाही, एवढंच आक्षेप घेणाऱ्यांच्या बाजूने म्हणता येईल. पण खलाशांच्या तोंडी ‘ल’चा ‘र’ व्हायला कितीसा वेळ लागतो?

‘जेली’चं प्रकरण निराळं. मनिंका या मँडे भाषेत जेली म्हणजे रक्तही, त्यामुळे ‘समाजाच्या अंगात फिरणारं रक्त म्हणजे जेली’ असं तिथलेच लोक सांगतात. ऐकायला झकास, पण ही लोकव्युत्पत्ती असण्याचा दाट संशय आहे. शब्द जुना आहे हे मात्र पक्कं. 1352 साली इब्न बतूता मालीच्या दरबाराकडे निघाला (हाच गृहस्थ आधी दौलताबादला येऊन मराठ्यांबद्दल लिहून गेला होता). तिथे पिसांचा वेष आणि लाल चोचीचा लाकडी मुखवटा चढवून सुलतानासमोर कवन म्हणणारे लोक त्याने पाहिले, आणि त्यांच्यातल्या एकेकाला ‘जाली’ म्हणतात, असं नोंदवलं. अरबीत त्यांना तो म्हणतो ‘शुअरा’. हे ‘शाइर’चं अनेकवचन, आणि शाइरचा आपण केला शाहीर.

म्हणजे शाहीर म्हणण्याला साडेसहाशे वर्षांपूर्वीचा साक्षीदार आहे. तरी मी तो शब्द घेणार नाही, कारण शाहीर कोणत्याही घरातला होऊ शकतो. जेली मात्र जन्मावा लागतो. लोहार, चांभार यांच्याबरोबर त्यांची ‘न्यामाकाला’ नावाची कारागिरांची उतरंड आहे. मालीचं साम्राज्य उभारणाऱ्या सुंजाता कैताचा जेली बल्ला फासेके, त्याच्या कुयाते वंशजांनी सोसो-बाला हे जुनं बालाफोन (लाकडी पट्ट्यांवर काठ्यांनी वाजवायचं वाद्य) गिनीतल्या न्यागासोला गावी आजही सांभाळलंय. 1960 साली गिनीचे इतिहासकार जिब्रिल तामसिर नियान यांनी सुंजाताची कथा छापली तीही एका कुयाते जेलीच्या तोंडून ऐकून. ‘भाट’ वंशपरंपरेला जुळतो, पण ‘भाटगिरी’ने त्याची पार वाट लावलीय. आणि मालीचे लेखक आमादू हाम्पाते बा यांनी बजावून ठेवलंय, की खरं सांगायला बांधलेला तो ‘दोमा’, म्हणजे परंपरेचा जाणता. ग्रिओला तिखटमीठ लावायची मुभा असते. तेव्हा जेलीचा शब्द म्हणजे इतिहासाचं अस्सल दफ्तर, असंही परीक्षणात लिहू नका.

मराठीत सर्वात जवळचा गोंधळी: घराण्यातून आलेला, संबळ-तुणतुण्यावर वीरांच्या कथा सांगणारा, लग्नकार्यात बोलावला जाणारा. पण भाषांतरात ‘गोंधळी’ लिहिलंत तर वाचक तुळजापूरला जाऊन पोचेल. तेव्हा मँडे मुलखातला असेल तर ‘जेली’ लिहा, वोलोफ असेल तर ‘गेवेल’, फ्रेंच लेखकाने स्वतःच वापरला असेल तर ‘ग्रिओ’, आणि पहिल्यांदा येईल तिथे अर्धी ओळ खुलासा. अचेबेंना कादंबरीकार म्हणा.