वादातला प्लॉट १७ लाखांनी स्वस्त मिळतोय, घ्यावा का?

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. तळेगावजवळचा तीन गुंठ्यांचा बिनशेती प्लॉट ५५ लाखांना ठरला, तुम्ही १ लाख विसार (सौदा पक्का करायची आगाऊ रक्कम) दिला, आणि मग शेजाऱ्याकडून कळलं की त्या जागेवर दावा चालू आहे. विक्रेत्याने हा प्लॉट ज्या कुलमुखत्यारपत्रावर (पॉवर ऑफ ॲटर्नी) घेतला, त्यावरची सही आपली नाहीच, असं परदेशात राहणाऱ्या मूळ मालकीणबाईंचं म्हणणं. एजंटने लगेच भाव ३८ लाखांवर आणला. बँकेने गृहकर्ज नाकारलं, म्हणून पीएफ आणि ठेवी मोडून २२ लाख उभे करायचे, उरलेल्या १६ लाखांचं वैयक्तिक कर्ज काढायचं. तीन वर्षांनी तुम्ही शाळेतून निवृत्त होणार.

घेऊ नका.

१७ लाख हा जोखमीचा मोबदला, असं एजंट सांगतो. पण या जोखमीत अर्धंमुर्धं काही नसतं. मुखत्यारपत्र खोटं ठरलं तर विक्रेत्याकडे विकायला काही नव्हतंच, मग तो तुम्हाला काय देणार? मुद्रांक भरला, दस्त नोंदला, सातबाऱ्यावर नाव चढलं, तरी फरक पडत नाही. फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरची नावबदलाची नोंद, महसुलासाठी असतो, त्याने मालकी सिद्ध होत नाही. आणि दस्त नोंदवणारा दुय्यम निबंधक समोर आलेल्या माणसाची ओळख पाहतो, त्याची मालकी तपासत नाही.

दावा इंडेक्स २ मध्ये (नोंदलेल्या दस्तांच्या सूचीत) दिसत नाही म्हणून तो तुम्हाला बांधत नाही, हा एजंटचा दुसरा मुद्दा. तो अर्धा खरा आहे, म्हणून मला त्याची जास्त भीती वाटते. दावा चालू असताना जागा घेतली तर त्याचा निकाल खरेदीदारावरही बांधील, असं मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ सांगतं. त्याला महाराष्ट्रात दुरुस्ती आहे: चालू दाव्याची नोटीस निबंधकाकडे नोंदवली असेल, तरच त्या कलमाचं बंधन खरेदीदारावर येतं. इथे नोटीस नोंदवलेली नाही, हे खरं. पण पायाचा दस्तच बनावट निघाला तर मालकीणबाईंना कलम ५२चा आधार घ्यायची गरजच उरत नाही. ‘मी विश्वासाने घेतलं’ असंही तुम्हाला म्हणता येणार नाही, कारण दावा आहे हे तुम्हाला आज माहीत आहे.

आता पैशांचं. २२ लाखांवर ७ टक्क्यांनी वर्षाला १,५४,००० रुपये व्याज येतं, ते थांबेल. १६ लाखांचं कर्ज १२ टक्क्यांनी पाच वर्षांसाठी घेतलं तर महिन्याला साधारण ३५,६०० रुपये हप्ता, म्हणजे शेवटची दोन वर्षं तो पेन्शनमधून जाईल. आणखी एक गोष्ट एजंटने सांगितलेली दिसत नाही. तुम्हीच लिहिलंय की या प्लॉटची रेडी रेकनरप्रमाणे (सरकारी दरपत्रकाप्रमाणे) किंमत ४६ लाख आहे. मुद्रांक शुल्क ३८ लाखांवर नाही, ४६ लाखांवर बसेल. शिवाय फरक १० टक्क्यांहून जास्त असल्यामुळे वरचे ८ लाख आयकरात तुमचंच उत्पन्न धरले जातील. त्यावर कर भरायचा, आणि तोही हाती न आलेल्या पैशांवर.

निकाल लागला तरी पुढे अपील असतं. या काळात प्लॉट गहाण ठेवता येणार नाही, आणि विकायला काढलात तर तुम्हालाही हाच पडेल भाव ऐकावा लागेल. बँकेच्या वकिलाने कागद पाहून नकार दिला, तो नकार तुमच्या उपयोगाचा आहे.

जागा मनातून जात नसेल तर मला एकच रस्ता दिसतो. मालकीणबाई आणि विक्रेता यांनी कोर्टात तडजोड दाखल करावी, तसा हुकूमनामा व्हावा, आणि बाईंनी स्वतः खरेदीखतावर ‘मान्यता देणार’ म्हणून सही करावी. स्वतः येता येत नसेल तर वकिलातीत साक्षांकित केलेलं नवं मुखत्यारपत्र हवं, आणि ते भारतात आल्यापासून तीन महिन्यांत मुद्रांकित झालेलं हवं. मग भाव ५५ लाखांकडे जाईल. तेवढं कर्ज तुम्हाला झेपणार नाही, हे मला दिसतंय. तरीही ३८ लाखांना घेण्यापेक्षा न घेणं बरं.

विसाराचा १ लाख सोडू नका. मालकीतला माहीत असलेला दोष खरेदीदाराला सांगणं त्याच मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५५प्रमाणे विक्रेत्याचं कर्तव्य आहे. दावा लपवून विसार घेतला, असं लिहून वकिलामार्फत नोटीस पाठवा. पैसे बँकेतून दिले असतील तर तो उतारा जोडा, रोख दिले असतील तर विसार पावतीची प्रत जोडा. आणि एजंटने ३८ लाखांचा जो व्हॉट्सॲप निरोप पाठवलाय, तो पुसू नका.